विश्लेषण : आर्मर घ्यायचे की हेल्थ? ‘लीग ऑफ लेजंड्स’मधले आकडे कुठे दिसतात, कसे वाचायचे?

पाच विरुद्ध पाच खेळाडूंच्या ऑनलाइन बॅटल अरीना गेममध्ये हरल्यावर पहिला राग निघतो तो टीममधल्या कुणावर तरी. प्रत्यक्षात बऱ्याच मॅच दुकानात हरल्या जातात. हाती आलेल्या गोल्डमधून चुकीची वस्तू घेतली जाते, आणि ती चुकीची होती हे सांगणारा आकडा त्या वेळी स्क्रीनवरच असतो. फक्त तो बघितलेला नसतो, किंवा बघूनही त्याचा अर्थ उलटा लागलेला असतो. २००९मध्ये आलेल्या ‘लीग ऑफ लेजंड्स’चे उदाहरण घेऊन हे आकडे समजून घेऊ.

आकडे नेमके कुठे दिसतात?

स्क्रीनच्या खालच्या बाजूला, आपल्या चॅम्पियनच्या चित्राशेजारी आठ छोटे आकडे असतात : अटॅक डॅमेज, अॅबिलिटी पॉवर, आर्मर, मॅजिक रेझिस्ट, अटॅक स्पीड, अॅबिलिटी हेस्ट, क्रिटिकलची शक्यता आणि चालण्याचा वेग. बहुतेकांना एवढेच माहीत असते. कीबोर्डवरचे ‘सी’ बटण दाबले की आणखी एक पट्टी उघडते. हेल्थ आणि माना किती वेगाने भरून येतात, शत्रूचे आर्मर भेदण्याची क्षमता किती, लाइफ स्टील किती, हल्ल्याचा पल्ला किती, टेनॅसिटी किती, हे सगळे तिथे असते. टेनॅसिटी म्हणजे शत्रूने ‘स्टन’ केल्यावर लवकर सावरण्याची क्षमता. यातल्या आर्मरच्या आकड्यावर माउस नेला तर तेवढ्या आर्मरमुळे फिजिकल डॅमेज किती टक्क्यांनी कमी होते, तेही लिहून येते.

याहून उपयोगाची आणि कमी वापरली जाणारी सोय म्हणजे शत्रूच्या चॅम्पियनवर क्लिक करणे. वरच्या डाव्या कोपऱ्यात त्याचे आर्मर, मॅजिक रेझिस्ट वगैरे आकडे दिसतात. ‘टॅब’ दाबल्यावर कुणी कोणत्या वस्तू घेतल्या आहेत ते कळते, पण त्या वस्तूंचा एकत्रित परिणाम आकड्यात बघायचा तर क्लिकच करावे लागते. मारामारीच्या मध्यात हे जमत नाही. लेनमध्ये दोघे समोरासमोर उभे असतात, तेव्हा सहज जमते.

‘डोटा २’मध्ये हीच माहिती हिरोच्या चित्राजवळच्या आकड्यांवर माउस नेल्यावर उघडते, आणि ‘ऑल्ट’ दाबून धरले की अॅबिलिटीचे सविस्तर तपशीलही येतात.

आर्मरचे टक्के फसवतात ते कसे?

‘लीग’मधले आर्मरचे सूत्र सातवीच्या मुलालाही सोडवता येईल इतके सोपे आहे. आर्मरला, शंभर अधिक आर्मर या संख्येने भागायचे. आर्मर १०० असेल तर १०० भागिले २००, म्हणजे ५० टक्के डॅमेज कमी. आर्मर २०० झाले की ६६.७ टक्के आणि ३०० झाले की ७५ टक्के. पहिल्या शंभरात ५० टक्के मिळाले, दुसऱ्यात जेमतेम १७ आणि तिसऱ्यात आठच. यावरून ‘शंभरानंतर आर्मर वाया जाते’ हा समज पक्का होतो आणि गेममधल्या चॅटमध्ये तो छातीठोकपणे सांगितलाही जातो.

तो चुकीचा आहे. कारण मरायला किती मार लागतो, हे या टक्क्यांतून थेट कळत नाही. समजा हेल्थ १००० आहे. आर्मर शून्य असेल तर १००० डॅमेजमध्ये खेळ संपतो. आर्मर १०० असेल तर २००० लागते, २०० असेल तर ३००० आणि ३०० असेल तर ४०००. म्हणजे प्रत्येक शंभर आर्मर तेवढीच, १०००ची भर घालते. आर्मरचा प्रत्येक पॉइंट आपल्या हेल्थच्या एक टक्का इतके जास्तीचे आयुष्य देतो, मग तो पहिला पॉइंट असो की तीनशेवा. खेळाडू याला ‘इफेक्टिव्ह हेल्थ’ म्हणतात. गेमच्या पट्टीत हा आकडा नाही. आर्मरचा निर्णय घेताना लागतो तो नेमका हाच, त्यामुळे ही उणीव खटकते.

मग १२०० गोल्डमध्ये काय घ्यावे?

इथे हिशेब खरा रंगतो. दुकानात क्लॉथ आर्मर ३०० गोल्डला मिळते आणि १५ आर्मर देते. रुबी क्रिस्टल ४०० गोल्डला मिळते आणि १५० हेल्थ देते. म्हणजे १२०० गोल्डमध्ये एकतर ६० आर्मर येते नाहीतर ४५० हेल्थ. (प्रत्यक्षात कुणी चार क्लॉथ आर्मर घेऊन फिरत नाही, सहाच तर जागा असतात. पण मोठ्या वस्तू याच तुकड्यांतून बनतात, म्हणून तुलना याच भावाने करणे बरे.)

आता तीन चॅम्पियन घेऊ. पहिल्याची हेल्थ १००० आणि आर्मर ३०. हेल्थ वाढवली तर इफेक्टिव्ह हेल्थ १८८५ होते, आर्मर वाढवले तर १९००. जवळपास बरोबरी. दुसऱ्याची हेल्थ २००० आणि आर्मर तेच ३०. हेल्थ घेतली तर ३१८५, आर्मर घेतले तर ३८००. एवढ्याच गोल्डमध्ये ६१५चा फरक, म्हणजे मार्क्समनचे आणखी काही फटके सोसण्याची सोय. तिसऱ्याची हेल्थ १००० आणि आर्मर १००. इथे पारडे फिरते : हेल्थ घेतली तर २९००, आर्मर घेतले तर २६००.

थोडक्यात, जे कमी आहे ते घ्यायचे. पण कमी म्हणजे किती? या दोन वस्तूंच्या भावावरून एक ठोकताळा निघतो. आपल्या आर्मरमध्ये १०० मिळवायचे आणि येणाऱ्या संख्येला साडेसातने गुणायचे. आपली हेल्थ त्या उत्तरापेक्षा जास्त असेल तर आर्मर घ्यावे, कमी असेल तर हेल्थ. आर्मर ३० असेल तर ही सीमा ९७५ हेल्थवर येते आणि आर्मर १०० असेल तर १५०० वर. दुकान उघडे असताना एवढा गुणाकार तोंडी होतो.

यात एक मोठी अट आहे. आर्मर फक्त फिजिकल डॅमेज अडवते. समोर जादूने मारणारा मेज असेल तर आर्मरचा उपयोग शून्य. त्याच्यासाठी मॅजिक रेझिस्ट लागते, ज्याचे सूत्र आर्मरसारखेच आहे. ‘ट्रू डॅमेज’ तर या दोघांनाही जुमानत नाही. हेल्थ मात्र सगळ्यांविरुद्ध चालते. म्हणून समोरच्या टीमचा मार अर्धा फिजिकल आणि अर्धा जादूचा असेल, तर वरच्या ठोकताळ्याची सीमा साधारण दुप्पट धरावी. पाचही जण फिजिकल मारणारे असतील (आणि रँक्ड मॅचमध्ये असा अविचार वरचेवर दिसतो), तर ती आहे तशी वापरावी.

शत्रूचे आर्मर का बघायचे?

हल्ला करणाऱ्यालाही हाच प्रश्न उलट बाजूने पडतो. आर्मर भेदण्याचे दोन मार्ग आहेत : टक्केवारीने आणि ठरावीक आकड्याने. ठरावीक आकड्याला गेममध्ये ‘लेथॅलिटी’ म्हणतात. एका वस्तूने ३० टक्के आर्मर भेदता येते आणि दुसरी १८ लेथॅलिटी देते असे समजू. शत्रूचे आर्मर १०० असेल तर पहिल्या वस्तूने ते ७० उरते, दुसरीने ८२. १०० डॅमेजच्या फटक्यातले अनुक्रमे ५९ आणि ५५ लागतात. तेच शत्रूचे आर्मर ३० असेल तर पहिलीने ते २१ उरते आणि ८३ लागतात, दुसरीने १२ उरते आणि ८९ लागतात. दोन्ही वस्तू सारख्या ठरतात त्या ६० आर्मरला.

म्हणजे ‘ही वस्तू बेस्ट आहे’ या वाक्याला, समोरच्याचे आर्मर किती हे न सांगता, काही अर्थ नाही. युट्यूबवरच्या निम्म्या गाइड मात्र तेच वाक्य सांगतात. वर सांगितलेली शत्रूवर क्लिक करण्याची सोय लागते ती इथे.

कोणता आकडा कंपनीलाच बदलावा लागला?

आकडा कसा दाखवला जातो यावर खेळाडू कसा विचार करतात हे अवलंबून असते. याचा उत्तम नमुना म्हणजे कूलडाउन, म्हणजे एक अॅबिलिटी वापरल्यावर ती पुन्हा मिळेपर्यंतचा वेळ. पूर्वी वस्तू हा वेळ टक्क्यांनी कमी करत. १०० सेकंदांचा वेळ १० टक्क्यांनी कमी होऊन ९० झाला तर अॅबिलिटी ११ टक्के जास्त वेळा वापरता येते. पण ३० टक्क्यांवरून ४० टक्क्यांवर गेले तर ७० सेकंदांचे ६० होतात आणि फायदा जवळपास १७ टक्क्यांचा होतो. दिसायला तेच १० टक्के, पण शेवटचे सर्वात मौल्यवान. म्हणूनच त्यावर सर्वसाधारणपणे ४० टक्क्यांची मर्यादा घालावी लागली होती.

नोव्हेंबर २०२०मध्ये ‘रायट गेम्स’ने हे मोडीत काढून ‘अॅबिलिटी हेस्ट’ आणले. त्याचे सूत्र आर्मरच्याच जातीचे आहे. १०० हेस्ट म्हणजे तेवढ्याच वेळात अॅबिलिटी दुप्पट वेळा वापरता येणे. ८० सेकंदांचा कूलडाउन २० हेस्टने ६६.७ सेकंदांचा होतो, ४० हेस्टने ५७.१ सेकंदांचा आणि १०० हेस्टने ४० सेकंदांचा. जुने खेळाडू सुरुवातीला कुरकुरले, कारण टक्के समजायला सोपे वाटत होते. खरे तर हेस्टचा आकडाच जास्त प्रामाणिक आहे. मात्र ‘४० हेस्ट म्हणजे ४० टक्के’ असे धरणारे अजूनही भेटतात.

‘प्रत्येक लेव्हलला इतके’ हे खरे असते का?

पूर्णपणे नाही. एखाद्या चॅम्पियनला प्रत्येक लेव्हलला ५ आर्मर मिळते असे माहितीत लिहिलेले असेल, तरी दुसऱ्या लेव्हलला त्याला ३.६ मिळते आणि अठराव्या लेव्हलला ६.४. एकूण बेरीज बरोबर ८५ भरते, पण वाटणी सुरुवातीला कमी आणि शेवटी जास्त असते. त्यामुळे सुरुवातीच्या लेव्हलला कागदावरचा हिशेब करून भिडणारे थोडक्यात मरतात. अटॅक स्पीडचेही असेच. २५ टक्के वाढ ही आत्ताच्या वेगावर नाही, मूळ वेगाच्या हिशेबाने मिळते. मूळ वेग ०.६५ असेल तर भर पडते ती सुमारे ०.१६ची, मग सध्याचा वेग कितीही असो.

‘डोटा २’मध्ये आणखी वेगळी गंमत आहे. बहुतेक हिरोंना जन्मतःच २५ टक्के मॅजिक रेझिस्टन्स असतो. आणखी २५ टक्के देणारी वस्तू घेतली तर एकूण ५० होत नाही, ४३.७५ होतो. कारण दुसरे २५ टक्के हे उरलेल्या ७५चे असतात. दुकानातल्या ‘सेलवर आणखी सूट’सारखाच हा हिशेब.

आकडे कायम तेच राहतात का?

नाही. ‘लीग’मध्ये साधारण दर दोन आठवड्यांनी पॅच येतो आणि कुणाचे ना कुणाचे आकडे हलतात. मे २०२२मधल्या एका पॅचमध्ये तर सगळ्याच चॅम्पियनची मूळ हेल्थ ७०ने वाढवली गेली, शिवाय दर लेव्हलची हेल्थ, आर्मर आणि मॅजिक रेझिस्टही. ‘या तीन अॅबिलिटीत समोरचा मरतो’ असे घोकून ठेवलेले सगळे हिशेब एका रात्रीत जुने झाले. पाठांतरापेक्षा प्रॅक्टिस टूल बरे. तिथे हवे तेवढे गोल्ड आणि लेव्हल घेऊन डमीवर फटके मारता येतात आणि डमीच्या डोक्यावर किती डॅमेज झाले ते उमटते.

मोबाइलवर खेळणाऱ्यांचे काय?

भारतात या प्रकाराची ओळख अनेकांना ‘मोबाइल लेजंड्स’मुळे झाली. जून २०२०मध्ये केंद्र सरकारने बंदी घातलेल्या ५९ अॅपच्या यादीत तो गेला. २०२१मध्ये मोबाइलवर आलेल्या ‘पोकेमॉन युनाइट’ने उलटे टोक गाठले. सुरुवातीला त्यात पोकेमॉनची ताकद आकड्यांत न देता मारा, चिवटपणा, वेग अशा ढोबळ पट्ट्यांत दाखवली होती. खेळाडूंनी हजारो फटके मोजून आणि गेमच्या फाइली उकलून आकडे बाहेर काढले. नवख्याला घाबरवू नये हा कंपनीचा हेतू समजण्यासारखा आहे. पण त्यामुळे ज्याला इंग्रजीतले तक्ते शोधून वाचता येतात तो पुढे आणि फक्त गेम उघडून खेळणारा मागे, अशी विभागणी झाली.

हा प्रश्न आता हौसेपुरता राहिलेला नाही. २०२२मध्ये बर्मिंगहॅमच्या कॉमनवेल्थ ई-स्पोर्ट्स स्पर्धेत भारताच्या ‘डोटा २’ संघाने कांस्यपदक मिळवले. २०२३मधल्या हांगझोऊ आशियाई स्पर्धेत ‘लीग ऑफ लेजंड्स’ पदकाचा खेळ होता आणि भारतीय संघ उपांत्यपूर्व फेरीत व्हिएतनामकडून हरला. त्या पातळीवर सगळ्यांनाच सगळे आकडे पाठ असतात.

एका बाबतीत मात्र ‘रायट’ने जाणूनबुजून माहिती कमी केली. रँक्ड मॅचमध्ये चॅम्पियन निवडतानाच सहकाऱ्यांची नावे इतर साइटवर टाकून त्यांचा विजयाचा टक्का तपासला जाई, आणि तो कमी दिसला की खेळायच्या आधीच शिवीगाळ किंवा पळ काढणे सुरू होई. २०२२च्या अखेरीस निवडीच्या वेळी सहकाऱ्यांची नावे झाकण्यात आली. चॅम्पियनचे आकडे मात्र पूर्वीसारखेच उघडे आहेत, ‘सी’ बटणावर.