बिगूल, चिऊताई आणि वीस सेकंद

छावणीच्या गावात राहिलं की बिगुलाची भाषा आपोआप कळू लागते. नाशिकजवळच्या देवळाली कॅम्पात ज्यांचं लहानपण गेलं त्यांना विचारा. पहाटेचा एक सूर म्हणजे उठा, रात्रीचा एक म्हणजे दिवे बंद. बिगुलाला ना कळा, ना पडदे. वाजवणाऱ्याच्या ओठांच्या ताणावर जे पाचेक सूर निघतात, तेवढ्यात फौजेचा अख्खा दिवस बसवलेला असतो. आणि त्या सुरांना शब्द नसतात. लवकर उठणं आरोग्याला बरं, असं बिगूल कधी समजावत बसत नाही. तरी बराकी उठतात.

दीड-दोन वर्षांच्या मुलांना चांगल्या सवयी लावायला निघालेल्या आईबापांना मी आधी हे बिगुलाचंच सांगते. कारण बहुतेकांचा समज असा असतो की गाण्यात उपदेश घातला की तो पोटात उतरतो. जंतू, रोग, डॉक्टर, सुई हे सगळं यमकात बसवलेली गाणी फोनवर ढिगाने मिळतात. पण दोन वर्षांच्या पोराला न दिसणारा जंतू कसा कळावा? त्याला कळतो तो ताल. सूर कानावर आला की आता काय करायचं, मग काय आणि थांबायचं कधी, एवढं त्याला गाण्यातून मिळतं. उपदेश जातो वाऱ्यावर.

तालाची ही समज फार लवकर येते. कॅनडातल्या मॅकमास्टर विद्यापीठात लॉरेल ट्रेनर यांच्या गटाने सात महिन्यांच्या बाळांवर एक प्रयोग केला. तो २००५ मध्ये प्रसिद्ध झाला. बाळांना एकच सपाट ठेका ऐकवला. काहींना दर दुसऱ्या ठोक्यावर झुलवलं, काहींना दर तिसऱ्या. नंतर ज्याला जसं झुलवलं होतं, त्याच वजनाचा ठेका ते बाळ जास्त वेळ ऐकत राहिलं. म्हणजे ताल कानाइतकाच अंगातून शिकला जातो. मांडीवर बाळ घेऊन झोके देणाऱ्या आज्यांना यात नवल वाटणार नाही. पण सवयीचं गाणं बसून ऐकवू नका, अंग हलवत म्हणा, हे इथून ठरतं.

आता हात धुण्याचंच घेऊ. साबण लावून निदान २० सेकंद हात चोळावेत, असं आरोग्य खाती सांगतात. साबणाच्या रेणूचं एक टोक पाण्याला धरतं आणि दुसरं तेलकट मळाला. चोळल्यामुळे मळ सुटतो, त्याला चिकटलेले जंतूही सुटतात आणि पाण्याबरोबर वाहून जातात. चोळायला वेळ दिला नाही तर साबण नुसता हातावरून फिरून येतो. मोठी माणसंसुद्धा पाच-सहा सेकंदांत नळ बंद करतात, मग पोराला वीस सेकंद कुठून कळणार?

इथे केरवा कामाला येतो. आठ मात्रांचा हा ताल मिनिटाला ९६ मात्रांच्या चालीने म्हटला, तर एक आवर्तन बरोबर ५ सेकंदांचं होतं. चार ओळी म्हणजे वीस सेकंद. घड्याळ लावून चाल एकदा बसवून घ्या, मग घड्याळाची गरज नाही. आमच्या घरातल्या ओळी अशा:

तळवा तळवा चोळू या,
पालथ्या हाती फिरू या,
बोटांच्या फटीत शिरू या,
नखांशी गुदगुल्या करू या.

काव्य म्हणून याला कुणी हार घालणार नाही. पण प्रत्येक ओळीत एकच काम आहे, आणि कामांचा क्रम ओळींच्या क्रमाला बांधलेला आहे. पोर तिसरी ओळ विसरलं तर चौथी म्हणता येत नाही. म्हणून बोटांच्या फटी सुटत नाहीत. चाल तीन-चार सुरांपलीकडे नेऊ नका. बिगूल पाचांत भागवतो, आपल्याला तेवढेही लागत नाहीत. आणि हे गाणं फक्त हात धुतानाच म्हणायचं. पाहुण्यांसमोर म्हणून दाखव, असा आग्रह धरला की इशारा बोथट होतो. जेवणाचा बिगूल दिवसभर वाजत राहिला तर जेवायला कोण उठेल?

एक व्यवहाराची गोष्ट. डिसेंबर-जानेवारीत नाशिकचा पारा दहाच्या खाली जातो आणि सकाळी नळाचं पाणी हाताला झोंबतं. गाण्याने पाणी गरम होत नाही. तांब्याभर कोमट पाणी काढून ठेवा, नाहीतर ती चाल ऐकली की पोर रडेल. तीही सवयच, फक्त उलटी.

दातांचं गणित जरा लांबतं. पहिला दात दिसला की ब्रश सुरू करायचा. दुधाचे वीस दात साधारण अडीच-तीन वर्षांपर्यंत येतात. तीन वर्षांखाली फ्लोराइडची पेस्ट तांदळाच्या दाण्याएवढी, त्यानंतर वाटाण्याएवढी. दोन मिनिटं म्हणजे केरव्याची चोवीस आवर्तनं, पण दोन वर्षांचं मूल एवढा वेळ तोंड उघडं ठेवत नाही. आमच्याकडे वरचा डावा, वरचा उजवा, खालचा डावा, खालचा उजवा असे चार वाडे आहेत, आणि प्रत्येक वाड्याला एक कडवं. आधी मूल घासतं, मग मोठ्यांनी घासायचं. सहा-सात वर्षांपर्यंत हे मोठ्यांचंच काम आहे. रात्री ब्रश झाल्यावर फक्त पाणी. दुधाची बाटली तोंडात धरून झोपायची सवय असेल, तर कितीही छान गाणं दात वाचवू शकत नाही.

गोष्टीचं काम वेगळं. गाणं कामाच्या वेळी सोबत करतं, गोष्ट कामाआधी तालीम करून घेते. मराठीत याचा नमुना शोधायला लांब जायला नको. चिऊ-काऊची गोष्ट आठवा. पावसात भिजलेला कावळा दार ठोठावतो आणि चिऊताई आतून थांब म्हणते, कारण ती बाळाला न्हाऊ घालते आहे, मग अंग पुसते आहे, मग तीट लावते आहे, मग झोपवते आहे. मोठ्यांना यात कावळ्याची फजिती दिसते. बाळाला मात्र न्हाण्यापासून झोपेपर्यंतचा आपला स्वतःचा दिनक्रम ओळीने ऐकू येतो, आणि दर टप्प्याला दारावर तीच थाप. भिंतीवर तक्ता लावून हे साधत नाही.

ही गोष्ट रोज मागितली तर रोज सांगा. इंग्लंडमधल्या ससेक्स विद्यापीठात जेसिका हॉर्स्ट यांनी २०११ मध्ये तीन वर्षांच्या मुलांबाबत दाखवून दिलं की नवे शब्द वेगवेगळ्या गोष्टींत विखरून ऐकण्यापेक्षा एकाच गोष्टीत पुन्हा पुन्हा ऐकले तर ते अधिक टिकतात. कंटाळा येतो तो आपल्याला.

बागुलबुवाला मात्र माझा ठाम विरोध आहे. दात घासले नाहीत तर किडा खाईल, जेवला नाहीस तर फौजी पकडून नेईल, हे आमच्या कॅम्पातही सर्रास ऐकू येतं. (त्या फौजीचं स्वतःचं पोरही शेजारच्या घरात जेवायला त्रास देत असतं, ही गोष्ट निराळी.) टोरांटोचे कांग ली आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २०१४ मध्ये तीन ते सात वर्षांच्या मुलांना खरेपणाच्या गोष्टी सांगून पाहिल्या. लांडगा आला रे आला ऐकून मुलांचं खोटं बोलणं कमी झालं नाही. ज्या गोष्टीत खरं बोलणाऱ्या मुलाचं कौतुक होतं, ती ऐकून कमी झालं. याच गटातल्या संशोधकांनी २०१७ मध्ये आणखी एक पाहिलं. चार ते सहा वर्षांची मुलं वाटून खायला शिकली ती माणसांच्या गोष्टीतून; कपडे घातलेल्या प्राण्यांच्या गोष्टीने तो परिणाम झाला नाही. ही मुलं आपल्या दोन वर्षांच्या पिल्लाहून मोठी, हे खरं. तरी मी चिऊताईनंतर लगेच दुसरी गोष्ट सांगते. त्यात माझ्या नातीच्याच वयाची एक मुलगी असते, तिचा ब्रश लाल असतो आणि ब्रश झाल्यावर तिला आजोबांचा चष्मा पुसायला मिळतो.

गाणी-गोष्टींतून स्वच्छता ही वाट महाराष्ट्रात जुनी आहे. ताराबाई मोडक भावनगरला गिजुभाई बधेकांबरोबर काम करून आल्या. नूतन बाल शिक्षण संघ १९२६चा. १९४५ मध्ये ताराबाईंनी बोर्डीला काम सुरू केलं, अनुताई वाघ तिथे त्यांना येऊन मिळाल्या, आणि १९५७ मध्ये दोघी कोसबादच्या टेकडीवर गेल्या. आदिवासी पाड्यांतली मुलं शाळेत येत नाहीत, तर शाळाच त्यांच्या अंगणात नेऊ, हा त्यांचा विचार. पुढे २ ऑक्टोबर १९७५ला एकात्मिक बालविकास योजना देशात ३३ प्रकल्पांनी सुरू झाली आणि अंगणवाडी हा शब्द घरोघर गेला. आज अंगणवाडीत ताई खिचडी वाढण्याआधी मुलांना रांगेत हात धुवायला लावतात, तेव्हा गाणं म्हटलं जातं. घरी आणि अंगणवाडीत एकच गाणं असेल तर सोन्याहून पिवळं. ताईंकडून चाल मागून घ्या, त्या आनंदाने देतात.

खाण्याच्या बाबतीत मी भोंडल्याची मदत घेते. भोंडल्यात गाण्यांहून जास्त चढाओढ असते ती खिरापत ओळखण्याची. झाकलेला डबा हलवायचा, आवाजावरून अंदाज करायचा. नवी भाजी ताटात आयती आली की दोन-तीन वर्षांचं मूल तोंड फिरवतं. या वयात अनोळखी चवीची भीती नैसर्गिक असते आणि एखादी भाजी आठ-दहा वेळा, कधी पंधरा वेळाही, समोर यावी लागते. झाकलेल्या डब्यातून आली तर निदान झाकण उघडायला हात पुढे येतो. वास घेतला, जिभेला लावून थुंकली, तरी एक वेळ मोजा. खाल्लीस तर चॉकलेट, असा सौदा करू नका. त्याने भाजी शिक्षा ठरते. आणि खिरापतीत द्राक्षं असली, नाशिकला हंगामात ती असणारच, तर चार-पाच वर्षांखालच्या मुलांना अख्खी देऊ नका, घशात अडकतात. उभी चिरून चार फोडी करा.

संध्याकाळचं सांगायचं तर आमच्या गावाने इंग्रजीला एक शब्दच दिला आहे. परतीच्या जहाजाची वाट बघत गोरे सोजीर देवळालीत महिनोन् महिने बसून असत. ना काम, ना नेम. कंटाळून डोक्यावर परिणाम झालेल्याला ते 'डूलाली टॅप' म्हणू लागले. डूलाली म्हणजे देवळाली, आणि टॅप म्हणजे आपला साधा ताप. संध्याकाळी सातला नेम चुकलेलं दोन वर्षांचं मूल बघितलं की त्या सोजिरांची आठवण येते.

त्यावर उतारा म्हणजे रोज त्याच क्रमाने झोपेकडे जाणं. जोडी मिंडेल यांच्या २००९ सालच्या अभ्यासात ४०५ आया आणि त्यांची मुलं होती. न्हाणं, अंग चोळणं, मग अंगाईसारखं काहीतरी शांत, हा क्रम रोज पाळल्यावर काही आठवड्यांत मुलं लवकर झोपू लागली, रात्री कमी उठू लागली आणि आयांची मनःस्थितीही सुधारली. आपल्या जुन्या बाळंतघरात हेच चालायचं. अंगाईला नेमकी चाल लागत नाही, पण दर कडव्याला लय थोडी मंद आणि आवाज थोडा खाली यायला हवा. फोनवरची अंगाई इथे कमी पडते. ती पहिल्यापासून शेवटपर्यंत एकाच लयीत वाजते, आणि मूल जांभई देतंय की पाय झाडतंय हे तिला दिसत नाही. शिवाय दोन वर्षांखालच्या मुलांना पडदा नकोच, असं जागतिक आरोग्य संघटना २०१९ पासून सांगते आहे.

हात धुण्याच्या गाण्यात एक उणीव होती. तळवे, पालथे हात, फटी, नखं सगळं आलं, पण अंगठा राहिला होता. माझ्या लक्षात आलं नव्हतं. गेल्या महिन्यात नातीने नखांच्या गुदगुल्यांनंतर अंगठा मुठीत धरला आणि स्वतःच एक ओळ जोडली. तीत 'अंगठा' तीनदा येतो आणि यमक कशाशीच जुळत नाही. आता आमचे हात धुवायला पंचवीस सेकंद लागतात.