ठाणे पुन्हा बसवणे

जुन्या कागदांत ‘ठाणे बसवणे’ म्हणजे शिबंदी (बंदोबस्ताची फौज) ठेवून अंमल चालू करणे. शिबंदी हटली की ‘ठाणे उठले’. उठलेले ठाणे फिरून बसवणे याच्या जवळचा आजचा शब्द पुनर्लष्करीकरण. कराराने सैन्यमुक्त ठरलेल्या ऱ्हाईनलँडमध्ये जर्मनीने ७ मार्च १९३६ रोजी फौज घातली, हे त्याचे ठळक उदाहरण.

बुलढाण्याचा इतिहास लिहिताना मात्र हा शब्द जपून वापरावा. साखरखेर्ड्याला ११ ऑक्टोबर १७२४ रोजी निजाम-उल-मुल्काशी लढताना मोगल सुभेदार मुबारिजखान पडला आणि गावाचे नाव फत्तेखेर्डा झाले. ती निव्वळ लढाई. १८५३ साली वऱ्हाड इंग्रजांच्या हाती गेला, तो निजामाच्या कंटिंजंट फौजेच्या खर्चापायी; तेही पुनर्लष्करीकरण नव्हे. सैन्य होते, मध्यंतरी हटले आणि पुन्हा आले, असे तिन्ही घडले असेल तरच पुनर्लष्करीकरण म्हणावे.