घरच्या माणसाची साक्ष

वकिलाच्या कपाटात जाड पाठीची पुस्तके ओळीने उभी असतात. सरकार यांचा किंवा रतनलाल-धीरजलाल या जोडीचा पुराव्याच्या कायद्यावरील ग्रंथ त्यांत हमखास सापडतो. आधी कलम, खाली त्याचा अर्थ, मग वरिष्ठ न्यायालयांचे निवाडे. आपली माणसे ती जाडी पाहूनच बिचकतात. वास्तविक हा विषय आपल्याला परका नाही. प. पू. बाबासाहेब १९३५ साली मुंबईच्या सरकारी लॉ कॉलेजचे प्राचार्य झाले. पुराव्याच्या कायद्यावरची त्यांची टिपणे शासनाने १९९३ साली त्यांच्या लेखन-भाषणांच्या १२ व्या खंडात छापली. खंड इंग्रजीत आहे, ही अडचणच. घरात कॉलेजात जाणारे मूल असेल तर त्याच्याकडून वाचून घ्यावीत.

वस्तीवर हल्ला होतो तेव्हा पाहणारे कोण असते? आई, बहीण, चुलता. गावातला दुसरा माणूस सहसा पुढे येत नाही. मग उलटतपासणीत पहिला घाव बसतो, "तुम्ही तर घरचेच!" हे ऐकून साक्षीच्या पिंजऱ्यात कितीतरी माउल्या गांगरतात. या ग्रंथांत १९५३ चा दलिपसिंग विरुद्ध पंजाब राज्य हा निवाडा वारंवार भेटतो. जवळचा नातेवाईक खऱ्या गुन्हेगाराला सोडून निरपराधाला सहसा गुंतवणार नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने त्यात म्हटले. नाते आहे एवढ्यावरून साक्ष फेकून देता येत नाही. जुने वैर असेल तर ती अधिक बारकाईने तपासतात, हेही खरे. आणि साक्षीदार इतकेच हवेत असा आकडा कायद्यात नाही. १८७२ च्या कायद्याचे १३४ वे कलम हेच सांगे. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय साक्ष्य अधिनियमात ते १३९ वे आहे.

घोटाळा होतो तो फिर्याद लिहिताना. जातिवाचक शिवी, मारणाऱ्याचे नाव, हातातली कुऱ्हाड, यांतले काही लिहायचे राहिले की कोर्टात "हे आता रचून सांगता" म्हणतात. म्हणून भगिनींनो, फिर्याद वाचून घ्या, मगच सही किंवा अंगठा. तिची प्रत फुकट मिळते, तो हक्क आहे. तपासात पोलीस साक्षीदाराचा जबाब घेतात, त्यावर मात्र सही करायची नसते. पुष्कळांना हे ठाऊकच नसते.

आरोपी आपल्याला किंवा आपल्या घराला ओळखणारा असेल, तर त्याला आपली जात ठाऊक होती असे न्यायालय गृहीत धरते. अत्याचार प्रतिबंधक कायद्यात ही तरतूद २०१६ पासून लागू आहे. ठाऊक नव्हती, हे त्याने सिद्ध करायचे.