बर्फाच्या काठावरची लिली

आज आपण एका छोट्या पिवळ्या फुलाबद्दल बोलणार आहोत. अमेरिकेच्या रॉकी पर्वतात, वसंतात बर्फ वितळायला लागलं की त्याच्या अगदी काठावर हे उगवतं. नाव ग्लेशियर लिली; शास्त्रीय नाव एरिथ्रोनियम ग्रँडिफ्लोरम. लिलीच्या कुळातलंच आहे. जमिनीलगत दोन पानं, मधून एक दांडा, आणि खाली मान घातलेलं फूल. सहाही पाकळ्या मागे वळलेल्या.

आता प्रश्न असा, की इतक्या थंडीत याला फुलायची घाई का? तर याचा साठा जमिनीखाली कंदात असतो. झाडांना पालवी फुटून सावली पडण्याआधी, उंच गवत वाढण्याआधी, याला ऊन गाठायचं असतं. त्यामुळे बर्फ हटलं की काही दिवसांतच फूल येतं. म्हणजे याचं पंचांग कागदावरचं नाही, बर्फाचं आहे. हे लक्षात ठेवा, पुढे लागणार आहे.

या कंदावर ग्रिझली अस्वलांचाही डोळा असतो. ती नखांनी जमीन उकरून कंद खातात. आपल्याला वाटेल, नासधूसच झाली! पण 1998 साली प्रसिद्ध झालेल्या अभ्यासात दिसलं, की उकरलेल्या मातीत नायट्रोजन जास्त मिळतो आणि तिथे वाचलेली रोपं बीही जास्त धरतात. एका अर्थी अस्वल शेत नांगरूनच जातं म्हणा ना.

आता मुख्य मुद्दा. कोलोरॅडोत गॉथिक नावाचं खाणकामगारांनी सोडून दिलेलं गाव आहे. तिथे 1928 पासून रॉकी माउंटन बायोलॉजिकल लॅबोरेटरी चालते. डेव्हिड इनोये आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी 1970 च्या दशकापासून तिथे फुलांच्या नोंदी ठेवल्या. 2012 साली त्यांनी दाखवलं, की ग्लेशियर लिली पूर्वीपेक्षा साधारण 17 दिवस आधी फुलते.

मग बिघडलं कुठे? ब्रॉड-टेल्ड हमिंगबर्ड हा इवलासा पक्षी हिवाळा मेक्सिकोकडे काढून इथे विणीला येतो. आल्या आल्या त्याला मध लागतो, आणि तो देणाऱ्या पहिल्या फुलांपैकी ही लिली. पक्षी दूर दक्षिणेतून निघतो. इथलं बर्फ कधी वितळलं हे त्याला तिकडे कसं कळणार? पक्ष्याचं येणं आणि पहिलं फूल यांच्यातलं अंतर सुमारे 13 दिवसांनी घटलंय. काही वर्षी तर पाहुणा पोचायच्या आतच पंगत सुरू झालेली असते.

म्हणून हवामानबदल म्हटलं की आपण फक्त तापमानाचा आकडा विचारतो, ते पुरेसं नाही. फूलही जिवंत आहे, पक्षीही जिवंत आहे. तुटतेय ती दोघांची ठरलेली वेळ. आणि ती तुटतेय हे कळलं कशामुळे? कुणीतरी दर वसंतात, चिखल तुडवत, फुलं मोजत राहिलं म्हणून.