बुरशीचं नेटवर्क खरंच बोलतं का?

राहुरीकडून एका श्रोत्याची व्हॉइस नोट आलीय. कांद्याची लागण तोंडावर आलीय, आणि दुकानात त्याला मायकोरायझाची पुडी दाखवून सांगितलं की ही टाकली की रोपं जमिनीखालून एकमेकांशी बोलायला लागतात. "दादा, खरं का हे? पैसे घालू का?"

आधी बोलण्याचं बघू. 'अवतार' पिक्चर आठवतोय ना, २००९ चा? त्यात अख्खं जंगल मुळांतून जोडलेलं असतं. ती कल्पना, पण तिच्यामागं थोडं विज्ञान आहे. १९९७ साली सुझान सिमार्ड यांनी कॅनडाच्या जंगलात दाखवलं की बर्च झाडातला कार्बन शेजारच्या डग्लस फरमध्ये पोचतो. 'नेचर' मासिकानं त्याला 'वुड वाइड वेब' म्हटलं, आणि मग काय, गोष्ट सुटलीच! आई-झाड पोरांना जेवू घालतं, धोक्याचे मेसेज पाठवतं वगैरे. २०२३ मध्ये जस्टिन कार्स्ट आणि सहकाऱ्यांनी हे सगळे दावे तपासले. मोठं झाड बुरशीतून आपल्याच पोरांना निवडून मदत करतं, याला खऱ्या जंगलातला पुरावा त्यांना सापडला नाही.

मग सगळंच खोटं? तसंही नाही. २०१३ च्या एका प्रयोगात घेवड्याच्या जातीतल्या एका झाडावर मावा सोडला. बुरशीच्या तंतूंनी जोडलेल्या शेजारच्या झाडांवर मावा नव्हता, तरी त्यांनी माव्याला पळवणारा वास सोडायला सुरुवात केली. ज्यांचे तंतू जोडलेले नव्हते, ती गप्प. म्हणजे काहीतरी रासायनिक निरोप जातो. पण हे बंदिस्त जागेत, मोजक्या झाडांत. आपल्या रानात, जिथं दर हंगामाला नांगर फिरून ते तंतू तुटतात, तिथं असंच घडेल हे त्यावरून सांगता येत नाही. त्यामुळं 'बोलण्यासाठी' पुडी घेऊ नका, एवढं मी ठाम सांगतो.

आता खरा फायदा, जो दुकानदारानं सांगायला हवा होता. काळ्या, चुनखडीच्या जमिनीत स्फुरद चुन्याला बांधला जातो. तो असतो, पण मुळाला मिळत नाही. त्यात कांद्याचं मूळ आखूड, केसमुळं जवळपास नाहीतच. मायकोरायझाचे तंतू मुळापेक्षा कितीतरी बारीक. मूळ पोचत नाही तिथून ते स्फुरद ओढून आणतात आणि बदल्यात झाडाकडून साखर घेतात. रोख व्यवहार आहे, माया-बिया काही नाही!

आणि यात एक गंमत आहे. डीएपीचा डोस भरपूर असेल, तर झाडाला या बुरशीची गरजच उरत नाही, ते तिला मुळात फारसं शिरू देत नाही. म्हणजे एका हातानं पुडी आणि दुसऱ्या हातानं जादा डीएपी, हा सरळ तोटा. आधी माती परीक्षण करा, आपल्याकडं राहुरीला कृषी विद्यापीठच आहे. तुमच्या मातीत ही बुरशी आधीच असण्याचीही शक्यता मोठी.

तरी करून बघायचंच असेल तर लागणीच्या वेळी पावडर रोपाच्या मुळाला लागू द्या, नुसती वरून फेकू नका. आणि दोन-तीन वाफे बिनपुडीचे ठेवा. काढणीला दोन्हीकडचं वजन करा, मला कळवा.

हां, कांद्यानंतर कोबी किंवा फ्लॉवर करणार असाल तर तिथं पुडी घालू नका. त्या कुळातली झाडं या बुरशीशी सोयरीकच करत नाहीत.