गळाभेट

उपाध्याय विरुद्ध आंध्र प्रदेश सरकार या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने १३ एप्रिल २००६ रोजी जो निकाल दिला, त्यात बंदिवान मातेच्या मुलाला कैदी न मानता अन्न, वस्त्र, औषधोपचार, शिक्षण आणि खेळ यांचा हक्कदार मानावे, असा निःसंदिग्ध आदेश आहे. सहा वर्षांपर्यंत मूल आईजवळ राहू शकते. त्याच्यासाठी पाळणाघर आणि बालवाडी असावी, नि तीही शक्यतो तुरुंगाच्या आवाराबाहेर चालवावी, असा दंडक न्यायालयाने घालून दिला. या साऱ्यात मला सर्वाधिक हृद्य वाटते ते एक बारीकसे कलम: तुरुंगात जन्मलेल्या अर्भकाच्या दाखल्यावर जन्मस्थान म्हणून तुरुंगाचा उल्लेख न करता केवळ त्या वस्तीचा पत्ता लिहावा. फौजदारी दफ्तराला इतकी नाजूक समज क्वचितच सुचते!

सहावे वर्ष सरले की मूल आईच्या इच्छेप्रमाणे आप्ताकडे, नाहीतर समाजकल्याण खात्याच्या संस्थेत जाते. संस्थेतील मुलाला आठवड्यातून निदान एकदा आईकडे आणावे, असे निकाल सांगतो; परंतु जे मूल दूरच्या गावी आजीकडे गेले, त्याला कोण आणणार? एस.टी.चे भाडे, बुडालेली मजुरी, मुलाखतीची नोंद, झडती, एवढे सोपस्कार उरकून ते पोहोचले, तरी आईचे दर्शन घडते जाळीपलीकडून वा काचेपलीकडून, आणि ज्या वयात मुलाला शब्दांहून स्पर्शाची भाषा अधिक कळते, त्या वयात अशी मुलाखत म्हणजे निव्वळ औपचारिक हजेरीच ठरते.

ही उणीव ओळखून महाराष्ट्राच्या कारागृह खात्याने ‘गळाभेट’ हा उपक्रम योजला. नागपूर, येरवडा अशा मध्यवर्ती कारागृहांत बंद्यांच्या अल्पवयीन मुलांना मधली जाळी वगळून आत येऊ दिले जाते. मूल मांडीवर बसते, खाऊ खाते, शाळेच्या गोष्टी सांगते, आणि पहारा असतो तो जरा अंतरावर. स्तुत्यच आहे हे. तथापि अशी भेट प्रसंगोपात्त घडते, आणि प्रसंगोपात्त घडणाऱ्या गोष्टीवर मुलाचे संगोपन उभे राहत नाही, हेही म्हटले पाहिजे.

घरी मुलाजवळ जाण्यासाठी शिक्षा लागलेल्या आईला निदान संचित वा अभिवचन रजेचा (फर्लो वा पॅरोलचा) अर्ज तरी करता येतो. कच्ची कैदी असलेल्या आईला तोही मार्ग नाही. तिची सारी भिस्त जामिनावर, आणि जामीनदार म्हणून उभा राहू शकेल असा एकुलता एक आप्त पुष्कळदा तिचे मूल सांभाळणारा तोच दरिद्री मनुष्य असतो.