चौघांनी मिळून खेळायचा खेळ

कबड्डीत एका बाजूला सात खेळाडू असतात. क्रिकेटमध्ये अकरा असतात. या दोन्ही खेळांत समोर दुसरा संघ असतो. एक संघ जिंकला, की दुसरा हरतो. पण काही खेळ असेही असतात, ज्यांत मित्राने मित्राला हरवायचे नसते. सगळे एकाच बाजूला असतात. जिंकले तर सगळे जिंकतात आणि हरले तर सगळेच हरतात. टीव्हीच्या पडद्यावर खेळले जाणारे जपानी भूमिका-खेळ मित्रांनी एकत्र बसून खेळले, तर ते असेच होतात.

भूमिका-खेळ म्हणजे काय, ते आधी पाहू. हा एक प्रकारचा व्हिडिओ गेम आहे. त्यात एक मोठी गोष्ट असते आणि खेळणारा त्या गोष्टीतल्या पात्राची भूमिका घेतो. हे पात्र गावोगाव फिरते, लोकांशी बोलते, खजिना शोधते आणि राक्षसांशी लढते. प्रत्येक लढाईतून त्याचा अनुभव वाढतो. अनुभव वाढला, की त्याची शक्तीही वाढते. म्हणून या खेळात नुसती बोटांची चपळाई पुरत नाही. वाचावे लागते, लक्षात ठेवावे लागते आणि विचार करून पाऊल टाकावे लागते.

या खेळांचे मूळ मित्रांच्या बैठकीत आहे. १९७४ साली अमेरिकेत गॅरी गायगॅक्स आणि डेव्ह आर्नेसन या दोघांनी 'डंजन्स अँड ड्रॅगन्स' नावाचा खेळ प्रसिद्ध केला. त्याला यंत्र लागत नव्हते. कागद, पेन्सिल, फासे आणि चार मित्र एवढेच पुरे होते. एकजण गोष्ट सांगे आणि बाकीचे त्या गोष्टीतली पात्रे होत. पुढे संगणक आले. 'अल्टिमा' आणि 'विझर्ड्री' हे संगणकावरचे खेळ १९८१ साली निघाले. आता गोष्ट सांगण्याचे काम यंत्र करू लागले आणि खेळणारा मात्र एकटा पडला.

जपानमधील युजी होरी यांना हे खेळ फार आवडले. पण सर्वसामान्य मुलांना ते कठीण जातील, असे त्यांना वाटले. म्हणून त्यांनी सोप्या रीतीचा 'ड्रॅगन क्वेस्ट' हा खेळ तयार केला. तो २७ मे १९८६ रोजी जपानमध्ये विक्रीस आला. त्यात एकच वीर होता. १९८७ च्या दुसऱ्या भागात तीन साथीदार आले. त्याच वर्षी १८ डिसेंबरला हिरोनोबू साकागुची यांचा 'फायनल फँटसी' आला. त्यात चार योद्धे होते. योद्धा, चोर, मल्ल, लाल जादूगार, पांढरा जादूगार आणि काळा जादूगार अशा सहा प्रकारांतून ते निवडायचे असत. पांढरा जादूगार जखमा बऱ्या करतो, काळा जादूगार आग आणि वीज पाडतो. एकाला जे येते, ते दुसऱ्याला येत नाही. अशा रीतीने पडद्यावर पुन्हा मित्रमंडळी जमली. मात्र पडद्यासमोर बहुधा एकच मुलगा बसलेला असे.

तो एकटा मुलगा चौघे कसे होऊ शकतात, हे मी दिघ्यात पाहिले. मी आठवीत होतो. साल साधारण २००३ असेल. ठाणे-बेलापूर रस्त्यावरच्या कारखान्यांमुळे आमच्या वस्तीत अनेक प्रांतांचे लोक राहत होते. शेजारच्या मित्राच्या मोठ्या भावाने वापरलेला प्लेस्टेशन विकत आणला होता. हा मित्र मराठी शाळेत शिकत होता. मी आणि आणखी एकजण उर्दू शाळेत होतो. चौथा इंग्रजी शाळेत जात होता. आमच्याजवळ 'फायनल फँटसी ९' हा खेळ होता. तो २००० साली निघालेला आणि चार तबकड्यांवर आलेला होता. पूर्ण करायला त्याला चाळीस तासांच्या आसपास लागतात. आम्हांला रोज एकच तास परवानगी होती.

या खेळात एक चांगली सोय आहे. लढाईच्या वेळी काही पात्रे एका खेळाडूच्या हातात आणि काही दुसऱ्याच्या हातात देता येतात. तरी दोन रिमोट आणि चार मुले, असा हिशेब जुळत नव्हता. मग आम्ही कामे वाटून घेतली. खेळातले संवाद इंग्रजीत होते. इंग्रजी शाळेतला मित्र ते वाचून मोडक्यातोडक्या मराठीत सांगे. मराठी शाळेतला मित्र वहीत नकाशे काढी. कोणत्या गुहेत वाट कुठे वळते, पेटी कुठे आहे, हे त्याच्या वहीत सापडे. पैशांचा आणि औषधांचा हिशेब माझ्याकडे होता. चौथ्याची बोटे चपळ होती, म्हणून अवघड लढाईत एक रिमोट नेहमी त्याच्या हातात असे. दुसरा आळीपाळीने फिरे.

या खेळात स्टायनर नावाचा एक धिप्पाड शिपाई आहे आणि विवी नावाचा एक लहानसा जादूगार आहे. विवीच्या अंगात बळ कमी, पण जादू मोठी. स्टायनरला जादू मुळीच येत नाही. पण विवी बरोबर असला, की त्याची जादू स्टायनरच्या तलवारीत उतरते आणि ती तलवार आगीची किंवा विजेची होते. विवी संघात नसेल, तर स्टायनरची ही शक्ती चालत नाही. विवी एका मित्राच्या हातात आणि स्टायनर दुसऱ्याच्या हातात असला, की दोघांना आधी एकमेकांशी बोलावेच लागे.

आम्ही बोलत होतो ते मराठीत. चौघांनाही थोडीफार येणारी भाषा तीच होती. सुरुवातीला मला भीती वाटे. मग लक्षात आले, की या खेळाला लागणारे किती तरी शब्द माझ्या घरचेच आहेत. नकाशा, खजिना, हिशेब, मदत, जखम, जादू, शिपाई, किल्ला हे शब्द अरबी-फारसीतून उर्दूत आले, तसेच ते मराठीतही आले. 'कुलूप' हा शब्द ऐकून मला उर्दूतला 'कुफ्ल' आठवला. उच्चार थोडा बदलला होता, एवढेच.

एकदा मात्र माझ्या हातून मोठी चूक झाली. दिवाळीच्या सुटीत मराठी मित्राचे कुटुंब गावी गेले. घर बंद राहणार, म्हणून त्याने यंत्र माझ्याकडे ठेवायला दिले. आपण परत येईपर्यंत कोणी खेळायचे नाही, असे ठरले होते. मी दोन दिवस दम धरला. तिसऱ्या दिवशी वाटले, थोडेसेच पाहू. त्या थोड्याचे तीन रात्री झाले. वीज गेली तर केलेले वाया जाईल, म्हणून मी खेळ जतन केला. पण तो जुन्या जागीच जतन केला. त्यामुळे आम्ही चौघे जिथे थांबलो होतो, ती जागा पुसली गेली.

मित्र परत आला. त्याच्या घरी आम्ही यंत्र लावले. पडद्यावर अनोळखी गाव दिसले. त्याने वही उघडली. वहीतला शेवटचा नकाशा अर्धाच होता. तो काही बोलला नाही. त्याने वही मिटून बाजूला ठेवली. त्याच्या रागापेक्षा ती मिटलेली वही मला जास्त लागली.

त्याची आई स्वयंपाक करता करता सगळे ऐकत होती. ती म्हणाली, "अरे, गोष्ट पुढं गेली ना? तुझ्यामुळं यांची राहिली. मग तूच सांग यांना सगळी."

"काकू, मला एवढं मराठी नाही येत," मी म्हणालो.

"येईल तेवढं सांग. अडलास तर हे सांगतील."

मी सांगू लागलो. कुठे अडलो, तर मित्र शब्द पुरवीत. गुहेतल्या वाटांपर्यंत आलो, तेव्हा मित्राने वही पुन्हा उघडली आणि विचारले, "डावीकडे की उजवीकडे?" मी सांगत गेलो आणि तो काढत गेला. अर्धा तास मी मराठीत बोलत होतो. इतके मराठी मी त्याआधी कधीच बोललो नव्हतो. शेवटी त्याने वहीच्या पहिल्या पानावर लिहिले, 'चौघे असल्याशिवाय पुढे जायचे नाही.' त्याखाली आम्ही चौघांनी सह्या केल्या. मी माझी सही उर्दूत केली.

मित्रांना एकत्र आणण्याचा प्रयत्न अनेक जपानी खेळांनी केला आहे. १९९३ च्या 'सीक्रेट ऑफ माना' या खेळात तिघे एकाच वेळी खेळू शकत. २७ फेब्रुवारी १९९६ रोजी आलेला 'पोकेमॉन' दोन रंगांत निघाला. काही प्राणी एकात होते, तर काही दुसऱ्यात. सगळे जमवायचे, तर दुसऱ्या मुलाच्या यंत्राला तार जोडून अदलाबदल करावी लागे. २००० सालच्या 'फँटसी स्टार ऑनलाइन' मध्ये वेगवेगळ्या देशांतले चारजण दूरध्वनीच्या तारेवरून एकत्र खेळत. त्यात तयार वाक्यांची यादी होती. जपानी मुलाने 'मदत करा' अशा अर्थाचे वाक्य निवडले, की ते फ्रेंच मुलाला फ्रेंच भाषेत दिसे. आमच्या खोलीत हेच काम इंग्रजी शाळेतला मित्र करीत होता.

या खेळांना वेळ फार लागतो, हेही ध्यानात ठेवले पाहिजे. गोष्ट मोठी असते आणि पुढे काय होईल, ही उत्सुकता उठू देत नाही. म्हणून खेळायला बसण्यापूर्वीच उठण्याची वेळ ठरवावी. घड्याळ पाहण्याचे काम एकाने घ्यावे आणि तो म्हणेल तेव्हा सर्वांनी थांबावे. आज मोबाइलवरच्या पुष्कळ खेळांत पैसे भरून शक्ती विकत घेता येते. घरच्यांना विचारल्याशिवाय असा एक रुपयाही खर्च करू नये.

आज आम्ही चौघे चार ठिकाणी राहतो. १२ जानेवारी २०२४ रोजी दिघा गाव हे रेल्वे स्थानक सुरू झाले. त्यानंतरच्या एका रविवारी आम्ही तिथे भेटलो. मराठी मित्राने ती जुनी वही आणली होती. तिची पाने पिवळी पडली आहेत. तीन रात्री मी एकट्याने जे पाहिले, त्यातले मला आता फारसे आठवत नाही. वहीत काढलेली प्रत्येक वाट मात्र चौघांनाही आठवत होती.